दीपवर्ग: काल्पनिक आकाशातल्या ताऱ्यांची प्रतवारी करणारा खेळसंच

काल्पनिक विश्व रचणारी मंडळी राजवंश, नकाशे, चलन आणि शस्त्रे यांवर पुष्कळ मेहनत घेतात. आकाशाच्या वाट्याला मात्र फारसे काही येत नाही. दोन चंद्र टांगले आणि एखादा लाल सूर्य उगवला, की त्या विश्वाचे आकाश पूर्ण झाले असे मानले जाते. नागपुरातल्याच काही तरुणांनी तयार केलेला ‘दीपवर्ग’ हा संच याला सन्माननीय अपवाद आहे. यात ताऱ्यांचे वर्गीकरण हाच खेळाचा कणा आहे. राज्ये, युद्धे, मंत्रविद्या आणि माणसांची स्थलांतरे हे सारे त्यातून निघते. धरमपेठेतल्या खेळण्यांच्या एका दुकानातून मी हा संच १,२५० रुपयांना घेतला आणि उन्हाळ्याच्या सुट्टीत भाचरांना व शेजारच्या मुलांना घेऊन खेळले. आकाशनिरीक्षणाची आवड मला जुनी असल्यामुळे या परीक्षणात खेळाच्या रंजकतेपेक्षा त्यातल्या वर्गीकरणाच्या तर्काकडे मी अधिक लक्ष दिले आहे.

जाड पुठ्ठ्याच्या पेटीत शंभरेक पानांचे एक पुस्तक, कापडावर छापलेला आकाशाचा नकाशा, तारापत्त्यांचा गठ्ठा, एकात एक फिरणाऱ्या तीन चकत्यांचे तबक आणि अर्धपारदर्शक कागदाच्या रंगीत पट्ट्या असा ऐवज आहे. पुस्तकाची मांडणी एका वेधशाळेतल्या नोंदवहीसारखी आहे. त्या विश्वात तारे म्हणजे अवकाशात पेटलेले प्रचंड दिवे आहेत आणि प्रत्येक दिव्याची प्रत तीन गोष्टींवरून ठरते: ज्योत, तेल आणि वात. ज्योत म्हणजे रंग, आणि रंगावरून ताप. तिचे सात वर्ग आहेत: नीलशिखा, शुभ्रा, दुधी, हळदी, केशरी, निखारा आणि राख. तेल म्हणजे ताऱ्याचे उरलेले आयुष्य. ते भरले, अर्धे किंवा तळाचे असते. वात म्हणजे प्रकाशाची चाल: स्थिर, थरथरती, झाकली जाणारी किंवा उसनी. एखाद्या ताऱ्याची पूर्ण प्रत ‘केशरी, तळाचे, थरथरती’ अशी तीन शब्दांत सांगता येते. तीन चकत्या फिरवून हे तीन शब्द खिडकीत आणले, की चौथ्या खिडकीत त्या ताऱ्याखाली कोणती विद्या चालेल आणि कोणती चालणार नाही, ते दिसते.

वरवर पाहता हे शोभेचे वाटेल, परंतु रचनाकारांचा अभ्यास पट्ट्या हातात घेतल्यावर कळतो. प्रत्येक पट्टीवर एका ताऱ्याच्या प्रकाशाचा पसरलेला रंगपट छापलेला आहे आणि त्यात मधूनमधून काळ्या रेषा आहेत. पुस्तकात त्यांना ‘काजळरेषा’ म्हटले आहे. खऱ्या खगोलशास्त्रात वर्णपटातल्या, म्हणजे अशाच रंगपटातल्या, काळ्या शोषणरेषा जे काम करतात, तेच काम येथे या काजळरेषा करतात. खेळाडूला ताऱ्याचे नाव दिले जात नाही, वर्गही सांगितला जात नाही. पट्टी उजेडासमोर धरायची, नमुन्याच्या पट्ट्यांशी जुळवायची आणि रेषांच्या काळेपणावरून व काठांवरून प्रत ठरवायची. रेषेचा काठ पसरट असेल तर तारा आटोपशीर, आणि काठ धारदार असेल तर तारा फुगलेला. याला आधार खऱ्या विज्ञानाचा आहे. फुगलेल्या राक्षसी ताऱ्याचे बाह्य वातावरण विरळ असते, तिथे दाब कमी असतो, त्यामुळे त्याच्या वर्णपटातल्या रेषा बारीक आणि रेखीव दिसतात. मॉर्गन, कीनन आणि केलमन यांनी १९४३ मध्ये ताऱ्यांना तेजस्वितेचे वर्ग दिले, ते अशाच रेषांच्या निरीक्षणावरून. आपला सूर्य ‘जी २ व्ही’ या प्रतीचा आहे, असे जेव्हा खगोलशास्त्राच्या पुस्तकात वाचतो, तेव्हा त्यातला शेवटचा ‘व्ही’, म्हणजे रोमन पाच, ही त्याच कामाची देणगी असते.

या संचातला मला सर्वांत आवडलेला भाग म्हणजे ज्योतींचे जुने क्रमांक. त्या विश्वातले खलाशी आजही ताऱ्यांना नावाने नव्हे, तर आकड्याने ओळखतात, आणि नव्या क्रमाने सात ज्योती मांडल्या तर त्यांचे आकडे चार, दोन, एक, तीन, पाच, सहा, सात असे विचित्र येतात. पहिल्यांदा पाहणाऱ्याला ही छपाईतली चूक वाटेल. प्रत्यक्षात तो पहिल्या मोहिमेचा विषय आहे. पूर्वीच्या नोंदकारांनी काजळरेषा किती काळ्या आहेत एवढेच पाहून क्रमांक दिले होते. सर्वांत काळ्या रेषा ‘दुधी’ ताऱ्यांच्या, म्हणून ती पहिली. पुढे कोणाच्या तरी ध्यानात आले, की मंद ज्योत काजळी धरण्याइतकी पेटतच नाही आणि प्रखर ज्योत धरलेली काजळी जाळून टाकते, त्यामुळे सर्वांत काळ्या रेषा मधल्या तापाच्या ताऱ्यांत दिसतात. खरा क्रम तापाचा आहे, हे खेळाडूंनी पट्ट्या मांडून स्वतः शोधायचे असते.

ज्यांना हार्वर्ड वेधशाळेच्या वर्गीकरणाचा इतिहास ठाऊक आहे, त्यांना येथे खरा आनंद होईल. विल्यमिना फ्लेमिंग यांच्या परिश्रमातून १८९० मध्ये जी यादी प्रसिद्ध झाली, तिच्यात हायड्रोजनच्या रेषांच्या ठळकपणावरून ताऱ्यांना इंग्रजी अक्षरे दिली होती. ए वर्गात त्या रेषा सर्वांत ठळक. पुढे ॲनी जंप कॅनन यांनी १९०१ मध्ये काही अक्षरे गाळून आणि उरलेल्यांचा क्रम बदलून ओ, बी, ए, एफ, जी, के, एम अशी मांडणी केली, आणि तिचा आधार घेऊन १९१८ ते १९२४ या काळात प्रसिद्ध झालेल्या हेन्री ड्रेपर सूचीत सव्वादोन लाख ताऱ्यांचे वर्ग नोंदले गेले. हा क्रम असा का, याचे भौतिक कारण मात्र आपल्या मेघनाद साहांच्या १९२० च्या आयनीभवनाच्या, म्हणजे अणूंनी इलेक्ट्रॉन गमावण्याच्या, सूत्रातून उलगडले. सुमारे १०,००० केल्विन तापमानाच्या ताऱ्यांत हायड्रोजनच्या दृश्य रेषा ठळक असतात. त्याहून थंड ताऱ्यांत पुरेसे इलेक्ट्रॉन वरच्या पातळीवर चढलेले नसतात आणि त्याहून फार तप्त ताऱ्यांत हायड्रोजनचे अणू आपले इलेक्ट्रॉनच गमावून बसतात. १९२५ मध्ये सिसिलिया पेन यांनी साहांच्या सूत्राचा उपयोग करून तारे मुख्यतः हायड्रोजन आणि हेलियमचे बनलेले असल्याचे दाखवले. काजळी धरण्या-जाळण्याची कल्पना करून रचनाकारांनी एवढ्या मोठ्या इतिहासाचा गाभा दहा-बारा वर्षांच्या मुलांच्या आवाक्यात आणला आहे, आणि तेही कोणताही धडा न शिकवता.

खेळताना हे कसे घडते, त्याचे एक उदाहरण देते. दुसऱ्या मोहिमेत उत्तर सीमेवरचे एक गाव वसवायचे असते आणि डोक्यावरच्या तीन ताऱ्यांपैकी कोणाच्या भरवशावर वसवायचे, हे ठरवायचे असते. मुलांनी पहिली पट्टी खिडकीच्या काचेवर लावली. रंग केशरी, प्रकाश भरपूर, म्हणून बहुतेकांचे मत तिच्या बाजूने पडले. माझ्या भाचीने मात्र पट्टी डोळ्यांजवळ नेली, रेषांचे काठ बोटाने दाखवले आणि म्हणाली, “आत्या, याच्या रेषा पहा ना किती बारीक आहेत! हा तर फुगला आहे, म्हणजे याचं तेल संपून राहिलं.” तिचा निष्कर्ष बरोबर होता. ताऱ्याचे आयुष्य कोणत्याही पत्त्यावर लिहिलेले नव्हते. रंग आणि रेषांचे काठ या दोन गोष्टींवरून ते तिने काढले. शेवटी मुलांनी एका मंद निखारा ताऱ्याखाली गाव वसवले, कारण त्याचे तेल भरलेले होते.

काल्पनिक वर्गीकरण चांगले की वाईट, हे माझ्या मते येथेच ठरते. ताऱ्यांना सुंदर नावे देणे अवघड नाही. ज्या वर्गीकरणातून आपण त्यात न घातलेली गोष्ट बाहेर काढता येते, ते खरे वर्गीकरण. ‘दीपवर्ग’ या कसोटीला बऱ्याच अंशी उतरते. नीलशिखा ताऱ्याखाली मंत्रबळ अफाट असते, पण त्याचे तेल झपाट्याने संपते. म्हणून त्याखालची राज्ये वैभवशाली आणि अल्पायुषी आहेत, त्यांच्या राजधान्या स्थलांतराच्या तयारीत असतात, त्यांचे कायदे घाईचे आहेत आणि त्यांच्याकडे शंभर वर्षांपलीकडची वचने कोणी देत नाही. निखारा ताऱ्याखालच्या गावांत विद्या क्षीण, पण घराणी हजारो वर्षे टिकलेली. यामागेही वास्तव आहे: वस्तुमानाने मोठे निळे तारे काही दशलक्ष वर्षांत आपले इंधन संपवतात, सूर्यासारखा तारा सुमारे १० अब्ज वर्षे तगतो, आणि लहान लाल बटू ताऱ्यांचे आयुष्य विश्वाच्या आजच्या वयाच्या कित्येक पटींनी मोठे आहे. एका भौतिक नियमातून समाजरचना उभी करण्याचे हे काम रचनाकारांनी मन लावून केले आहे. निखाऱ्याखालच्या गावांतले जमिनीचे करार आणि त्यांच्या वारसाहक्काचे नियम असलेले प्रकरण मी पुन्हा पुन्हा वाचले.

‘उसनी’ वात हा वर्ग धाडसी आहे. या ताऱ्यांचे वय त्यांच्या ज्योतीशी जुळत नाही. म्हातारा असायला हवा तो तरुण दिसतो, कारण त्याने शेजारच्या ताऱ्याचे तेल ओढून घेतलेले असते. कोणी म्हणेल, ही जादूची सोय आहे. परंतु ययाति या तारकासमूहातला, दर २ दिवस २१ तासांच्या सुमारास मंद होणारा अल्गोल हा तारा अगदी असाच आहे. त्याच्या जोडीतला कमी वस्तुमानाचा तारा अधिक उतारवयात गेलेला आढळतो, जे नियमाने उलट असायला हवे होते. त्याचे बरेचसे द्रव्य जोडीदाराकडे वाहून गेले, हे त्या कोड्याचे उत्तर. रचनाकारांनी या वर्गाभोवती रचलेली दोन भावंड ताऱ्यांची मोहीम संचातली सर्वांत सुंदर गोष्ट आहे आणि ती खेळाडूंनी स्वतःच उलगडावी म्हणून मी तिच्याविषयी अधिक लिहीत नाही.

आता उणिवा. पहिली उणीव तर्काची आहे आणि ती मला गंभीर वाटते. पुस्तकाच्या सुरुवातीला नीलशिखा ही सर्वांत तप्त ज्योत म्हणून सांगितली आहे; लोहाराच्या प्रसंगात लोखंड आधी लाल, मग पिवळे, मग पांढरे होत जाते, हेही नीट दाखवले आहे. चौथ्या मोहिमेत मात्र नीलशिखेचा किरण ‘शीतल’ ठरतो आणि त्याने ज्वर उतरतो, तर निखाऱ्याच्या किरणाने पाणी उकळते. नळांच्या खुणांमुळे निळा म्हणजे गार आणि लाल म्हणजे गरम, ही समजूत आपल्या डोक्यात घट्ट बसलेली आहे आणि ती येथे नकळत शिरली असावी. काल्पनिक विश्वात निळा तारा थंड असायला हरकत नाही. तो त्या विश्वाचा नियम होऊ शकतो. पण मग लोहाराची भट्टीही त्याच नियमाने चालली पाहिजे. एकाच पुस्तकात दोन नियम आले, की खेळाडू निष्कर्ष काढणे सोडून देतो आणि पत्त्यावर काय लिहिले आहे ते वाचू लागतो. आमच्याकडे चौथ्या मोहिमेत नेमके हेच झाले.

दुसरी उणीव ‘अनामिक’ या गटाची. जे तारे कशातच बसले नाहीत, ते सारे या गटात टाकले आहेत: काळा प्रकाश देणारे, दिसून नाहीसे होणारे, एकाच वेळी दोन रंग दाखवणारे. त्यांच्यात परस्परांशी काहीही साम्य नाही, त्यामुळे अनामिक म्हटल्याने काहीच कळत नाही. खऱ्या शास्त्रात असे प्रसंग आले, तेव्हा नवे वर्ग जोडले गेले. एम वर्गाहून थंड पिंड सापडू लागल्यावर १९९९ मध्ये एल आणि टी हे वर्ग पुढे आले. टी वर्गाची ओळख वर्णपटातल्या मिथेनच्या खुणांवरून ठरली, आणि २०११ मध्ये त्याहूनही थंड पिंडांसाठी वाय वर्गात पहिली उदाहरणे नोंदली गेली. पुढच्या आवृत्तीत अनामिक गट फोडून त्यातून दोन-तीन नेमके वर्ग काढता येतील, आणि ते काम खेळाडूंवर सोपवले तर ती एक उत्तम मोहीम होईल.

तिसरी गोष्ट मला अधिक मनापासून सांगावीशी वाटते. पुस्तकाच्या पूर्वार्धात ताऱ्याची प्रत फक्त त्याच्या प्रकाशाविषयी बोलते. उत्तरार्धात मात्र ‘राख’ ताऱ्याखाली जन्मलेली माणसे कपटी आणि चोरटी दाखवली आहेत, आणि नीलशिखेखालची सारी तेजस्वी व उदार. जन्मनक्षत्रावरून माणसाचा स्वभाव आणि लायकी ठरवण्याची सवय आपल्या समाजात आधीच खोल रुजलेली आहे. मुलांच्या खेळात तिला पुन्हा जागा देऊ नये. राख ताऱ्याखालच्या लोकांना अंधार, थंडी आणि तुटपुंजी विद्या यांच्याशी झगडावे लागते, एवढे नियमातून निघते. ते दुष्ट आहेत, हे कोणत्याही नियमातून निघत नाही. माझ्या गटातल्या एका मुलाने राख प्रदेशातले पात्र घेऊन त्याला वैद्य केले, आणि खेळाच्या नियमांत त्याला कोठेही अडचण आली नाही. त्यामुळे ही वर्णने गाळली तरी संचाचे काही बिघडणार नाही, अशी माझी खात्री आहे.

कापडी नकाशाविषयी एक विशेष गोष्ट नागपूरकरांसाठी. त्या विश्वातली वेधशाळा अशा ठिकाणी आहे, जिथून तिथला ध्रुव क्षितिजापासून २१ अंशांवर दिसतो, आणि नागपूरचा अक्षांशही तोच, साधारण २१ अंश. हात लांब करून मूठ धरली तर ती सुमारे १० अंश झाकते. क्षितिजापासून दोन मुठी मोजल्या, की गच्चीवरून आपला ध्रुव सापडतो आणि खेळातलाही त्याच उंचीवर असतो. मुलांना हे कळल्यावर ती नकाशा घेऊन गच्चीवर गेली, आणि खेळाच्या पेटीतून खऱ्या आकाशाकडे जाण्याची ती वाट मला फार मोलाची वाटली. रामन विज्ञान केंद्रातल्या तारांगणामुळे ज्या मुलांना आकाशाची गोडी लागली आहे, त्यांच्या हाती हा नकाशा अवश्य द्यावा.

शहरात मात्र ज्योतीची चकती खऱ्या ताऱ्यांवर लावून पाहण्यात अर्थ नाही. दिव्यांचा झगमगाट आणि वैशाखातली धूळ यांमुळे रंग मळकट दिसतात. नागपूरच्या उत्तरेला असलेल्या पेंच व्याघ्र प्रकल्पाला जानेवारी २०२४ मध्ये भारतातले पहिले ‘डार्क स्काय पार्क’, म्हणजे रात्रीचा अंधार जपणारे उद्यान, म्हणून मान्यता मिळाली. तिकडे सिल्लारीच्या बाजूला पावसाळ्याआधीच्या एका रात्री आम्ही तबक घेऊन गेलो होतो. चित्रा निळसर पांढरी, स्वाती नारिंगी आणि उशिरा वर आलेली ज्येष्ठा लालसर, असे तिघांचे वर्ग चकतीवर अचूक लागले: शुभ्रा, केशरी, निखारा. खऱ्या वर्गीकरणात ते अनुक्रमे बी, के आणि एम आहेत, म्हणजे चकतीवरच्या रंगछटा निवडताना कोणीतरी खऱ्या ताऱ्यांकडे पाहिले आहे. मंद ताऱ्यांवर हा प्रयोग होत नाही, कारण अंधूक प्रकाशात डोळ्यांतल्या रंग ओळखणाऱ्या पेशी काम करीत नाहीत आणि सगळेच तारे पांढरे दिसतात. ही सूचना पुस्तकात दोन ओळींत देता आली असती.

निर्मितीच्या बाजूने, पुठ्ठ्याची पेटी आणि कापडी नकाशा उत्तम आहेत. पट्ट्यांची छपाई सुबक आहे, परंतु केशरी आणि निखारा यांतला फरक घरातल्या पिवळ्या बल्बखाली कळत नाही. पट्ट्या दिवसा खिडकीशी किंवा पांढऱ्या उजेडासमोर धराव्यात. तबकाच्या मधल्या चकतीचा खिळा सैल होतो आणि वातीची खिडकी सरकते, तिथे पातळ वॉशर घातल्यावर ती जागेवर राहते. पुस्तकाची बांधणी चिकटवलेली असल्याने सतत उघडणाऱ्यांनी ती आधीच शिवून घ्यावी. भाषा स्वच्छ मराठी आहे, परिभाषा घरगुती असूनही सैल नाही, आणि नोंदवहीतल्या लेखनिकाचा सावध, नेमका सूर शेवटपर्यंत सांभाळला आहे. दहा वर्षांवरील मुलांना मोठ्यांच्या सोबतीने पहिल्या तीन मोहिमा जमतात. चौथी खेळण्याआधी नीलशिखा आणि निखारा यांच्या किरणांचे गुण आपापसांत बदलून घ्यावेत, म्हणजे ती मोहीम संचाच्या स्वतःच्या नियमांप्रमाणे नीट चालते.